चौकातला सोनेरी गोळा

न्यू जर्सीत १९७०-८०च्या सुमारास संसार मांडलेल्या मराठी घरांना न्यूयॉर्कची ओळख झाली ती जमिनीखालून. जर्नल स्क्वेअरला पाथ ट्रेनमध्ये बसायचं, ग्रोव्ह स्ट्रीट, एक्स्चेंज प्लेस ही स्टेशनं मागे टाकून गाडी हडसन नदीच्या तळाखालून पलीकडे जायची, आणि वर्ल्ड ट्रेड सेंटरला उतरलं की समोर सरकत्या जिन्यांची लांबच लांब रांग. नव्याने आलेल्या बायकोचा साडीचा काठ जिन्यात अडकेल या धास्तीने नवरे मंडळी तिला आधीच बजावून ठेवत. जिना चढून, खालच्या दुकानांच्या गर्दीतून वाट काढत उघड्यावर आलं की तो अवाढव्य चौक दिसायचा. दोन बाजूंना मान मोडेपर्यंत वर बघावे लागणारे ११० मजली मनोरे, आणि चौकाच्या मधोमध, कारंज्यात उभा, सोनेरी रंगाचा एक प्रचंड गोळा.

मनोऱ्यांवर जगभर लिहून झालं आहे आणि पुढेही लिहिलं जाईल. आमच्या पिढीतल्या चार बायका एकत्र जमल्या की मात्र बोलणं हटकून त्या गोळ्यावर येतं. कारण मनोरे कधी आमचे झालेच नाहीत. ते कचेऱ्यांचे, बँकांचे, सूटबूटवाल्यांचे. गोळा मात्र ज्याला त्याला मिळत होता. त्याला तिकीट नव्हतं, दार नव्हतं, रखवालदाराला ओळखपत्र दाखवायला लागत नव्हतं. आणि तो जगला. त्या चौकातलं आमच्या आठवणीतलं जवळजवळ सगळं गेलं, पण पोचे पडलेला, फाटलेला, भोकं पडलेला तो गोळा आजही उभा आहे. त्याच्याविषयी आमच्यातल्याच कुणीतरी मराठीत लिहायला हवं, असं बरेच दिवस वाटत होतं.

आम्हाला तिथे नेणारी पाथ ट्रेन आणि ते मनोरे हे एकाच सौद्यातून आले, हे पुष्कळांना ठाऊक नसतं. हडसनखालून जाणारी जुनी रेल्वे कंपनी दिवाळखोरीत निघाली होती. न्यूयॉर्कच्या पोर्ट अथॉरिटीला व्यापार केंद्र उभारायचं होतं आणि त्यासाठी न्यू जर्सी राज्याची संमती हवी होती. न्यू जर्सीने सांगितलं, आमच्या प्रवाशांची रेल्वे ताब्यात घ्या, मग बोलू. १९६२ साली तो व्यवहार ठरला, आणि आधी मॅनहॅटनच्या पूर्व बाजूला आखलेलं केंद्र पश्चिमेला, त्या रेल्वेच्या शेवटच्या स्टेशनाच्या जागी आलं. म्हणजे जर्सी सिटीच्या भाड्याच्या खोल्यांतून रोज सकाळी डबा घेऊन निघणाऱ्या माणसांच्या वाटेवरच ते मनोरे उभे राहिले. १९६५च्या कायद्याने अमेरिकेचं दार आशियातल्या लोकांना उघडलं आणि पुढच्या काही वर्षांत त्या गाडीत आम्हीही बसलो.

तेव्हाची आमची घरं आठवून बघा. एका बेडरूमचं अपार्टमेंट, रेडिएटरचा खडखडाट, कपाटात तळाशी ठेवलेली हिंगाची डबी, कारण तिचा वास कॉरिडॉरमध्ये गेला तर शेजारी तक्रार करायचे. न्यूअर्क अॅव्हेन्यूवर हळूहळू देशी दुकानं निघत होती, तोवर तूरडाळीसाठी कुणीतरी क्वीन्सला जाणारं आहे का, हे आधी विचारावं लागे. भारतात फोन करायचा तो तीन मिनिटांचा, घड्याळ समोर ठेवून. १९८७ साली जर्सी सिटीत स्वतःला ‘डॉटबस्टर्स’ म्हणवणाऱ्यांनी भारतीय माणसांवर हल्ले सुरू केले. आमच्या कपाळावरच्या कुंकवावरून त्यांनी ते नाव घेतलं होतं. त्या काळात संध्याकाळी स्टेशनवरून घरी येताना कित्येक बायका रुमालाने टिकली पुसून टाकत. सकाळी ऑफिसला जाताना लावलेली टिकली नदीच्या पलीकडे चालायची, अलीकडे नाही, हे मी स्वतः जगले आहे. तेव्हा नदीपलीकडचा तो चौक आम्हाला इतका प्रिय का होता, हे सांगायला नको.

आणि मग यायचे आईवडील, सासूसासरे. सहा महिन्यांचा व्हिसा, दोन अवजड बॅगा, त्यांत मेतकूट, भाजणी, नातवासाठी चांदीचा वाळा. त्यांना न्यूयॉर्क दाखवायचा कार्यक्रम सगळ्या घरांत साधारण एकच असे. स्वातंत्र्यदेवीचा पुतळा, एम्पायर स्टेट बिल्डिंग, संयुक्त राष्ट्रसंघाची इमारत आणि वर्ल्ड ट्रेड सेंटर. दक्षिण मनोऱ्याच्या १०७व्या मजल्यावर आणि वर गच्चीवर जायला तिकीट होतं. चार माणसांची तिकिटं काढायची म्हणजे आठवड्याच्या भाजीपाल्याचा हिशेब कोलमडायचा, म्हणून बरेचदा वर जायचं काम पुढच्या खेपेवर ढकललं जाई. खालचा चौक फुकट होता.

फोटोचं एक निराळंच होतं. मनोरे फोटोत मावत नसत. आमचे हे चौकाच्या फरशीवर पाठीवर झोपून कॅमेरा लावत, तरी वरचे मजले कापले जायचे, आणि माणसांची फक्त हनुवटी यायची. गोळा मात्र पंचवीस फूट उंचीचा. थोडं मागे सरकलं की आई, वडील, बाबागाडी आणि गोळा असं सगळं एका चौकटीत बसायचं. म्हणून त्या काळच्या न्यू जर्सीतल्या मराठी घरांचे अल्बम उघडा, तो गोळा सापडेलच. नऊवारीवर लेकाचा जाड कोट, पायात कॅनव्हासचे बूट, डोक्याला रुमाल बांधलेली आई. जूनमध्येही माकडटोपी न काढणारे वडील. मागे गोळा. रोल धुऊन आले की दोन प्रती काढायच्या, एक अल्बमला, एक हवाई टपालाने ठाण्याला किंवा साताऱ्याला. दारावरची पाटी, गाडीचं बोनेट, नायगारा आणि हा गोळा, एवढ्या चार फोटोंवर गावाकडच्या माणसांनी आमची अमेरिका ओळखली.

माझ्या सासूबाई १९८४च्या उन्हाळ्यात आल्या होत्या. गोळा बघून त्या म्हणाल्या, “एवढा मोठा हंडा घासतं कोण गं?” तेव्हापासून आमच्या घरात त्याचं नाव हंडाच पडलं. मुलंही “हंड्याजवळ भेटू” असंच म्हणत. मामंजी मात्र निराळ्या प्रकृतीचे, आयुष्यभर गणित शिकवलेले. हा गोळा चोवीस तासांत स्वतःभोवती एक फेरी घेतो, हे यांनी त्यांना सांगितलं. ते त्यांना पटेना. त्यांनी कारंज्याच्या कडेला बैठक मारली, गोळ्यावरची एक खोबण समोरच्या मनोऱ्याच्या एका खांबाच्या रेषेत धरली आणि घड्याळ बघितलं. आम्ही पोळीभाजी खाल्ली, मुलांना फिरवून आणलं. तासाभराने त्यांनी मान हलवली. “पंधरा अंश. बरोबर आहे.” तेवढ्याने त्यांचं न्यूयॉर्क सार्थकी लागलं. गावी परतल्यावर त्यांनी भेटेल त्याला हेच सांगितलं, मनोऱ्यांविषयी फारसं काही नाही.

पुढे काही वर्षं माझी नोकरी ब्रॉडवेवर, चौकापासून चालत दहा मिनिटांवर होती. हवा बरी असली की दुपारचा डबा तिथेच. कारंज्याच्या कडेवर आणि बाकांवर शेकडो माणसं बसलेली असत. उन्हाळ्यात दुपारी गाण्याबजावण्याचे कार्यक्रम व्हायचे. हिवाळ्यात मात्र तोच चौक नकोसा व्हायचा. दोन मनोऱ्यांच्या मधून वारा असा घुसायचा की सोसाट्याच्या दिवशी माणसांनी धरून चालावं म्हणून दोर बांधत. बर्फ पडलं की चौक बंदच. वास्तुरचनेचे जाणकार त्या चौकाला रुक्ष, माणसाला खुजं करणारा म्हणत, आणि ते खोटं नव्हतं. पण मला वाटतं, तो रुक्षपणा सुसह्य होत होता तो त्या गोळ्यामुळेच. सरळ रेषांच्या त्या जंगलात तेवढीच एक वस्तू गोल होती.

तो कुणी केला, हे आम्हाला तेव्हा माहीत नव्हतं. शिल्पकार फ्रिट्झ क्योनिग हे जर्मनीतल्या बव्हेरियाचे, जन्म १९२४चा. त्यांच्या पिढीतल्या पुष्कळांसारखे तेही दुसऱ्या महायुद्धात जर्मन सैन्यात होते. मनोऱ्यांचे वास्तुरचनाकार मिनोरू यामासाकी यांनी त्यांची निवड केली. लांट्सहूट गावाजवळच्या गान्सलबेर्ग इथल्या आपल्या कार्यशाळेत १९६७ ते १९७१ अशी चार वर्षं ते या कामावर होते, समोर मनोऱ्यांची छोटी प्रतिकृती ठेवून. काशाचे ५२ भाग, वजन वीस टनांच्या वर. ब्रेमेन बंदरात ते जोडून अख्खा गोळा जहाजाने न्यूयॉर्कला आला. जगभरच्या व्यापारातून जगात शांतता नांदावी, अशी त्यामागची कल्पना. न्यूयॉर्ककर त्याला नुसतंच ‘द स्फिअर’ म्हणत.

यामासाकींविषयी मी नंतर वाचलं आणि मला त्या चौकाकडे बघायची नवी नजर मिळाली. ते जपानहून आलेल्या गरीब स्थलांतरितांचे चिरंजीव, सिएटलचे. महायुद्धात अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या जपानी वंशाच्या माणसांना छावण्यांत डांबायला सुरुवात झाली, तेव्हा त्यांनी आपल्या आईवडिलांना न्यूयॉर्कच्या स्वतःच्या लहानशा अपार्टमेंटमध्ये आणून ठेवलं आणि छावणीपासून वाचवलं. एका बेडरूममध्ये आईवडिलांना सांभाळणं म्हणजे काय, हे आमच्या पिढीला कुणी शिकवायला नको. सौदी अरेबियातला धहरान विमानतळही याच यामासाकींनी बांधला होता. मक्केतलं काबाभोवतीचं प्रांगण त्या चौकाच्या रचनेत दिसतं, असं काही अभ्यासक म्हणतात. गजबजलेल्या गल्ल्यांमधून एकदम मोकळं आवार आणि त्याच्या केंद्रस्थानी एक वस्तू. म्हणजे जपानी आईबापांचा मुलगा, जर्मन शिल्पकार, अरबी प्रांगणाची आठवण आणि कडेला बसून दहीभात खाणाऱ्या आम्ही. ११ सप्टेंबर २००१च्या हल्ल्यानंतर या देशात पगडी बघून माणसं मारली गेली. ॲरिझोनात बलबीरसिंग सोधी यांचा त्या हल्ल्यानंतर चौथ्या दिवशी खून झाला. तेव्हा मला हे सगळं फार तीव्रतेने आठवत असे.

११ सप्टेंबर २००१ला आम्ही एडिसनला राहत होतो आणि माझी नोकरी न्यूअर्कला होती. वरच्या मजल्यावरच्या खिडकीतून मनोरे स्वच्छ दिसत. ८ वाजून ४६ मिनिटांनी उत्तर मनोऱ्यात पहिलं विमान घुसलं, ९ वाजून ३ मिनिटांनी दक्षिण मनोऱ्यात दुसरं. ९ वाजून ५९ मिनिटांनी दक्षिण मनोरा कोसळला, १० वाजून २८ मिनिटांनी उत्तर. न्यूयॉर्कमध्ये २,७५३ माणसं मेली, नव्वदहून अधिक देशांची. भारतात तेव्हा संध्याकाळ होती. दूरदर्शन संच लावून बसलेल्या आयांना इकडचा फोन लागत नव्हता आणि आम्हाला तिकडचा. यांचं ऑफिस एक्स्चेंज प्लेसला, नदीच्या अलीकडे. पलीकडून बोटींनी माणसं आणत होते, नखशिखांत राखाडी धूळ माखलेली. हे आणि यांचे सहकारी संध्याकाळपर्यंत धक्क्यावर पाण्याच्या बाटल्या वाटत होते. रात्री घरी आल्यावर यांनी बूट दाराबाहेरच काढले आणि त्याविषयी कित्येक महिने एक अक्षर बोलले नाहीत. न्यू जर्सीतल्या स्टेशनांच्या पार्किंगमध्ये काही गाड्या आठवडाभर तशाच उभ्या होत्या. त्या कुणाच्या, हे लोक हळू आवाजात एकमेकांना विचारत.

ते दिवस मी इथे याहून जास्त सांगणार नाही. ज्यांच्या घरची माणसं गेली त्यांनीच ते सांगावं.

ढिगारा उपसताना गोळा सापडला. पोलाद, काँक्रीट, धूळ आणि डिसेंबरपर्यंत धुमसत राहिलेली आग, या सगळ्यात तो दबला होता. वरचा भाग फाटून उघडा पडला होता, ठिकठिकाणी खोल पोचे, आरपार छिद्रं. पण त्याचा आकार मोडला नव्हता, त्याची जोडणी सुटली नव्हती. चौकातल्या आणि इमारतींतल्या इतर कलाकृतींचं काय झालं हे पाहिलं, म्हणजे यातलं आश्चर्य कळतं. जोआन मिरोची भिंतभर लोकरी चित्रजवनिका जळाली. लुइझ नेव्हेलसनचं काळं लाकडी भित्तिशिल्प गेलं. अलेक्झांडर काल्डरच्या लाल पोलादी शिल्पाचे काही तुकडेच हाती आले. मासायुकी नागारे यांचं काळ्या दगडाचं शिल्प गेलं. १९९३ साली याच इमारतीखाली झालेल्या बॉम्बस्फोटात सहा माणसं मेली होती, त्यांच्या स्मरणार्थ चौकात बांधलेलं कारंजंही गेलं, त्याचा एक तुकडा तेवढा सापडला. चौकाबाहेरच्या एका बागेत बाकावर ब्रीफकेस उघडून बसलेल्या माणसाचा कांस्य पुतळा होता, सिवर्ड जॉन्सन यांचा. तो राहिला. धुळीने माखलेल्या त्या पुतळ्याला मदतीला धावलेले लोक जिवंत माणूस समजून हाक मारत होते. हे वाचताना माझा घसा दाटून येतो.

सापडलेला गोळा सुटा करून केनेडी विमानतळाजवळ नेऊन ठेवला. पुढे काय करायचं यावर बराच खल झाला. खुद्द क्योनिग यांना सुरुवातीला तो पुन्हा उभा करणं मान्य नव्हतं. त्यांच्या लेखी तो संपला होता. नंतर त्यांचं मन वळलं आणि पुन्हा उभारणी त्यांच्याच देखरेखीखाली झाली. त्यांनी एक गोष्ट त्या वेळी बोलून दाखवली: आपण घडवलं ते शिल्प होतं, आता ते स्मारक झालं आहे, आणि त्याला आपण न दिलेलं स्वतःचं आयुष्य मिळालं आहे. या माणसाचं आयुष्यभराचं काम बघितलं तर हे बोलणं आणखी खोल वाटतं. माउटहाउझेनच्या छळछावणीच्या जागेवर जर्मनीच्या वतीने उभारलेलं स्मृतिशिल्प त्यांचं. १९७२च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये मारल्या गेलेल्या इस्रायली खेळाडूंचं म्युनिकमधलं स्मृतिशिल्पही त्यांचं. मृत्यूची स्मारकं त्यांनी जाणूनबुजून घडवली होती. हा गोळा मात्र त्यांनी आनंदासाठी, लोकांच्या वर्दळीसाठी घडवला होता, आणि शेवटी तोच त्यांचं सर्वांत मोठं स्मारक ठरला.

११ मार्च २००२ला, हल्ल्याला सहा महिने झाले त्या दिवशी, मॅनहॅटनच्या दक्षिण टोकाला बॅटरी पार्कात गोळा उभा राहिला. त्याच संध्याकाळी मनोऱ्यांच्या जागेजवळून प्रकाशाचे दोन निळे झोत पहिल्यांदा आकाशात सोडले. पहिल्या वर्षश्राद्धाला त्याच्यापाशी अखंड ज्योत लावली. माझ्या मते त्या सगळ्या काळातला सर्वांत शहाणा निर्णय हा की त्याची डागडुजी केली नाही. पोचे काढले नाहीत, छिद्रं बुजवली नाहीत. कुणीतरी पैसे दिले असते आणि तो पुन्हा सोन्यासारखा चकचकीत झाला असता. मग तो खोटा झाला असता.

बॅटरी पार्कातूनच स्वातंत्र्यदेवीच्या पुतळ्याच्या बोटी सुटतात. त्यामुळे पाहुण्यांची नवी पिढी आली तेव्हा गोळा पुन्हा आमच्या कार्यक्रमात आला, न ठरवता. बोटीच्या रांगेकडे जाताना तो वाटेतच असे. आता येणारे आईवडील आमचे नव्हते, सुनांचे होते, जावयांचे होते. पहिल्यांदा तिथे गेलो तेव्हा आमचे हे गोळ्यासमोर उभे राहिले आणि मागे न बघता मला म्हणाले, “अण्णांना ही खोबण दाखवली होती ना?” मामंजींना जाऊन तेव्हा बरीच वर्षं झाली होती. मी “हो” म्हटलं. गोळा आता फिरत नव्हता. तिथे फोटो काढावा की नाही, हे आम्हाला दोघांनाही ठरवता येईना. शेवटी काढला. त्या फोटोत कुणी हसलेलं नाही, पण सगळ्यांचे चेहरे स्पष्ट आले आहेत, आणि मला तो आवडतो.

माझ्या मैत्रिणींमध्ये याबद्दल मतभेद होते, आजही आहेत. एकीचं म्हणणं, जिथे माणसं मेली त्या वस्तूपुढे उभं राहून फोटो कसला काढायचा. दुसरी म्हणायची, आपले आईबाप ज्याच्यापुढे उभे होते ती एवढीच वस्तू उरली आहे, तिच्यापुढे नातवंडांना उभं करायचं नाही तर कुणापुढे? मी दुसरीच्या बाजूची आहे. परदेशात घर केलेल्या माणसाला पूर्वजांची जागा नसते. गावी वाडा असतो, विहीर असते, देवीचं देऊळ असतं. आमच्या मुलांना आजीआजोबांची आठवण जोडायला या देशात अशा चार-दोनच जागा आहेत. त्यांतली ही एक.

बॅटरी पार्कातली जागा तात्पुरती म्हणून दिली होती. ती तात्पुरती पंधरा वर्षं टिकली. मनोऱ्यांच्या पायांच्या जागी दोन मोठे जलाशय करून त्यांच्या काठावर नावं कोरलेलं स्मारक २०११ साली खुलं झालं, संग्रहालय २०१४ साली. मायकेल अराड यांची ती रचना मी मनापासून मानते. त्या खोल कोसळत्या पाण्यापुढे उभं राहिलं की बोलवत नाही. पण त्या आराखड्यात गोळ्याला जागा नव्हती. अनेक मृतांच्या घरच्यांना हे खटकलं. त्या दिवशी मरण पावलेल्या अग्निशमन दलाच्या एका कप्तानाचा भाऊ वर्षानुवर्षं त्यासाठी झगडत राहिला. त्यांची मागणी साधी होती: जे तिथे होतं आणि जगलं, ते तिथेच असू दे. स्मारकात जे आहे ते बहुतेक सगळं नव्याने घडवलेलं आहे, त्या सकाळचं साक्षीदार असं उघड्यावर फारसं काही नाही. त्यांचं म्हणणं रास्त होतं, असं मला तेव्हाही वाटे आणि आजही वाटतं.

अखेर २०१६ साली पोर्ट अथॉरिटीने मान्यता दिली आणि ऑगस्ट २०१७मध्ये गोळा लिबर्टी पार्कात आला. स्मारकाच्या दक्षिणेला, रस्त्यापेक्षा उंचावर केलेली ही बाग आहे. तिथून खाली जलाशय आणि झाडी दिसते. गोळा अगदी मूळ जागी नाही, पण मूळ जागेच्या नजरेच्या टप्प्यात आहे. क्योनिग हे पाहायला राहिले नाहीत. त्याच वर्षी २२ फेब्रुवारीला, वयाच्या ९२व्या वर्षी, ते गान्सलबेर्गला वारले.

लिबर्टी पार्कात आम्ही गेलो ते थोरल्या नातीला घेऊन. ती इथेच जन्मलेली, मराठी समजते, उत्तर इंग्रजीत देते. तिला मी जुना फोटो दाखवला. नऊवारीतली पणजी आणि मागे चकचकीत गोळा. तिने फोटो हातात धरला आणि समोरच्या गोळ्याभोवती चालत फेरी मारली, फोटोतल्या खोबणी समोर शोधत. एक सापडली, तेव्हा ओरडली. मग विचारलं, “याला दुखलं असेल?” आमचे हे म्हणाले, “तो काशाचा आहे बाळा.” ती म्हणाली, “तरी.” यावर आम्हा दोघांकडे उत्तर नव्हतं.

आमची पिढी आता निघाली आहे. जर्नल स्क्वेअरच्या आमच्या इमारतीत शेजारी राहिलेल्या, पहिल्या बाळंतपणात मला आळिवाची खीर करून घालणाऱ्या वहिनी गेल्या, त्यांचं घर विकलं गेलं. मुलं टेक्सासला, कॅलिफोर्नियाला. घर आवरताना अल्बमचे खोके गराजमध्ये जातात, तिथून कुठे जातात ते विचारवत नाही. त्या चिकट पानांवरचे रंग उडत चालले आहेत, काही फोटो सोलून निघत नाहीत. पन्नास वर्षांपूर्वी नदीखालून येऊन त्या चौकात उभ्या राहिलेल्या मराठी माणसांची नोंद कुठल्याही संग्रहालयात नाही. ती फक्त या अल्बमांत आहे.

म्हणून माझ्या बरोबरीच्या सगळ्यांना एक विनंती आहे. ज्यांच्या अल्बममध्ये त्या सोनेरी गोळ्यापुढचा फोटो असेल, त्यांनी तो या रविवारी बाहेर काढा. त्याच्या मागे मऊ पेन्सिलीने लिहा: कोण कोण उभं आहे, कुठल्या गावचं, कुठलं साल, फोटो कुणी काढला. लेकीला किंवा सुनेला सांगून त्याची फोनवर एक नीट प्रत काढून ठेवा. आणि न्यूयॉर्कला याल तेव्हा जलाशय पाहून झाल्यावर लगेच परतू नका. लिबर्टी स्ट्रीटवरून पायऱ्या चढून बागेत या. तिथे आजही तिकीट लागत नाही.